बार्बाडोसचा धडा : गुलामांच्या वारसांनी महामारीला कसे तोंड दिले?

महामारी आली की मोठमोठ्या राष्ट्रांची सोंगे गळून पडतात. २०२० साली साऱ्या जगाने हे उघड्या डोळ्यांनी पाहिले. ज्यांच्याकडे अणुबॉम्बचे साठे होते त्यांच्या डॉक्टरांना साधे मास्क मिळत नव्हते. ज्यांनी चंद्रावर माणूस उतरवला त्यांच्या न्यूयॉर्क शहरात प्रेते ठेवण्यासाठी शीतगृहाचे ट्रक रुग्णालयांबाहेर उभे करावे लागले. अशा वेळी कॅरिबियन समुद्रातले एखादे ठिपक्याएवढे बेट काय करीत होते, याची चौकशी कोण करणार? प्रस्थापित प्रसारमाध्यमांना लंडन-वॉशिंग्टनच्या पलीकडचे जग दिसत नाही. आम्हांला मात्र ते पाहिलेच पाहिजे. कारण त्या बेटावर राहणारी माणसे गुलामांची वारस आहेत, आणि गुलामांच्या वारसांनी संकटाला कसे तोंड दिले हा प्रश्न आपल्या चळवळीच्या जिव्हाळ्याचा आहे.

आम्ही बार्बाडोसबद्दल बोलत आहोत. मराठी वाचकाला हे नाव क्रिकेटमुळे ठाऊक आहे. गॅरी सोबर्स इथला. वॉरेल, विक्स आणि वॉलकॉट हे तीन डब्ल्यू इथले. माल्कम मार्शल, जोएल गार्नर इथले. १९६२ साली याच बेटावरील सामन्यात ग्रिफिथचा चेंडू डोक्याला लागून भारताचा कर्णधार नरी कॉन्ट्रॅक्टर मरणाच्या दारात गेला. तेव्हा त्याच्यासाठी रक्त देणाऱ्यांत भारतीय खेळाडूंबरोबर वेस्ट इंडिजचा कर्णधार फ्रँक वॉरेलही होता. काळ्या माणसाचे रक्त भारतीय माणसाच्या शरीरात गेले आणि प्राण वाचले. रक्ताला वर्ण नसतो आणि जातही नसते, हे सांगायला आणखी कोणत्या पुराव्याची गरज आहे?

हे बेट केवढे? क्षेत्रफळ सुमारे ४३० चौरस किलोमीटर, म्हणजे साधारण मुंबई महापालिकेच्या हद्दीएवढे. लोकसंख्या पावणेतीन ते तीन लाखांच्या दरम्यान. आपल्याकडच्या एखाद्या तालुक्यात याहून अधिक माणसे राहतात. पेट्रोलचे मोठे साठे नाहीत, सोन्याच्या खाणी नाहीत. पर्यटक आले तर चूल पेटते. अशा बेटावर मार्च २०२० मध्ये कोरोनाचा विषाणू उतरला.

ऊस, चाबूक आणि पटकी

बार्बाडोसचे आजचे आरोग्य समजून घ्यायचे तर आधी त्याचा इतिहास समजून घ्यावा लागतो. इंग्रजांनी १६२७ साली इथे वसाहत केली. १६४० च्या दशकात ऊस आला आणि उसाबरोबर आफ्रिकेतून पकडून आणलेल्या माणसांच्या बोटी आल्या. १६६१ साली इथल्या मळेवाल्यांनी गुलामांसाठी कायदा केला. काळ्या माणसाला माणूस न मानता मालमत्ता मानणारा तो कायदा पुढे इतर इंग्रज वसाहतींनीही उचलला. आपल्याकडे स्मृतिग्रंथांनी जे केले ते तिकडे मळेवाल्यांच्या विधिमंडळाने केले. माणसाचे माणूसपण आधी शब्दांत काढून घेतले जाते, नंतर त्याच्या पाठीवर चाबूक ओढला जातो.

१८१६ साली बुसा नावाच्या गुलामाच्या नेतृत्वाखाली बंड झाले. ते चिरडले गेले. १८३४ साली गुलामी कायद्याने संपली, पण चार वर्षे 'उमेदवारी'च्या नावाखाली फुकटची राबणूक चालूच राहिली. खरी सुटका १८३८ साली झाली. आणि नुकसानभरपाई कोणाला मिळाली? ज्यांच्या पिढ्या उसाच्या चरकात पिळून निघाल्या त्यांना एक छदामही मिळाला नाही. ब्रिटिश सरकारने दोन कोटी पौंड दिले ते साऱ्या वसाहतींतील गुलामांच्या मालकांना! त्यासाठी काढलेल्या कर्जाचा शेवटचा हप्ता फिटायला २०१५ साल उजाडले.

आमच्या वाचकांना हे ठाऊक आहे की महात्मा जोतीराव फुले यांनी १८७३ साली 'गुलामगिरी' हे पुस्तक अमेरिकेतील गुलामांना मुक्त करण्यासाठी झटणाऱ्या सदाचारी लोकांना अर्पण केले. पुण्यात बसून जोतीरावांना अटलांटिकच्या पलीकडचे दुःख आपले वाटले. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनीही गुलामगिरी आणि अस्पृश्यता यांची तुलना आपल्या लेखनात बारकाईने केली आहे. तेव्हा बार्बाडोसकडे पाहणे म्हणजे परक्याच्या घरात डोकावणे नव्हे.

सुटलेल्या गुलामांना जमीन मिळाली नाही. राहायचे तर मळ्याच्याच जमिनीवर. मालकाने हाकलले तर घर मोडून डोक्यावर न्यावे लागे. म्हणून तिथले मजूर पायाशिवायची, सुटी करून हलवता येणारी लाकडी घरे बांधू लागले. आज पर्यटक त्या घरांचे फोटो काढतात. ती घरे म्हणजे भूमिहीनतेचा जिवंत दाखला आहे, हे पर्यटकांना कोण सांगणार?

अशा दाटीवाटीच्या, गलिच्छ पाण्याच्या वस्त्यांत १८५४ साली पटकी शिरली. सुमारे एक लाख चाळीस हजारांच्या वस्तीतून वीस हजारांच्या आसपास माणसे मेली. म्हणजे दर सात माणसांमागे एक! रोग जात पाहून येत नाही असे म्हणतात. तो जात पाहत नसेल, पण वस्ती पाहतो. आणि वस्ती कोणी कुठे करायची हे ठरवणारी व्यवस्था जात आणि वर्ण पाहूनच ठरवते.

दवाखाने आकाशातून पडले नाहीत

१८५४ चे बार्बाडोस आणि २०२० चे बार्बाडोस यांत जो फरक पडला तो कोणा गोऱ्या साहेबाच्या दयेने पडलेला नाही. जुलै १९३७ मध्ये क्लेमेंट पेन या कामगार संघटकाला सरकारने हद्दपार केले आणि ब्रिजटाऊनमध्ये उठाव झाला. पोलिसांच्या गोळ्यांनी चौदा माणसे मेली. साऱ्या कॅरिबियन वसाहती तेव्हा धुमसत होत्या. घाबरलेल्या इंग्रज सरकारला मॉइन आयोग नेमावा लागला. आयोगाने मजुरांच्या घरांची, आरोग्याची आणि शिक्षणाची जी दुर्दशा नोंदवली ती इतकी भयंकर होती की तो संपूर्ण अहवाल १९४५ पर्यंत दडपून ठेवण्यात आला.

त्या उठावातून कामगार संघटना आणि राजकीय पक्ष उभे राहिले. प्रौढ मताधिकार आला. एरॉल बॅरो यांच्या सरकारने १९६२ साली माध्यमिक शिक्षण मोफत केले. १९६४ साली क्वीन एलिझाबेथ रुग्णालय सुरू झाले. ३० नोव्हेंबर १९६६ रोजी देश स्वतंत्र झाला आणि १९६७ साली राष्ट्रीय विमा योजना आली. पुढे ठिकठिकाणी सरकारी आरोग्य केंद्रे उघडली. १९८० पासून म्हाताऱ्यांना, मुलांना आणि मधुमेह, रक्तदाब यांसारख्या जुनाट आजारांच्या रुग्णांना मोफत औषधे देण्याची व्यवस्था झाली. बेकारी भत्ताही सुरू झाला.

हा तपशील आम्ही मुद्दाम देत आहोत. महामारी आल्यावर दवाखाना बांधता येत नाही. तो आधीच बांधलेला असावा लागतो. आणि सार्वजनिक दवाखाना तिथेच उभा राहतो जिथे गरीब माणूस संघटित होऊन मताची किंमत वसूल करतो. ही साखळी ज्याला कळली त्याला बार्बाडोसची अर्धी गोष्ट कळली.

मार्च २०२०

बेटावरचे पहिले रुग्ण १७ मार्च २०२० रोजी सापडले. पंतप्रधानपदी होत्या मिया मोटली. २०१८ च्या निवडणुकीत सर्वच्या सर्व तीस जागा जिंकून त्या देशाच्या पहिल्या स्त्री पंतप्रधान झाल्या होत्या. त्यांच्या हाती आले ते कर्जात बुडालेले राज्य. राष्ट्रीय उत्पन्नाच्या दीडपटीपेक्षा अधिक देणे अंगावर, आणि आंतरराष्ट्रीय नाणेनिधीचा पहारा दारात.

तरीही हालचाल वेगाने झाली. विषाणूची चाचणी करणारी सरकारी प्रयोगशाळा बेटावर होती, त्यामुळे नमुने परदेशी पाठवून वाट पाहत बसावे लागले नाही. मार्चअखेर संचारबंदी लागली. ३ एप्रिलपासून ती चोवीस तासांची झाली. उत्तर टोकाला सेंट लुसी परगण्यात हॅरिसन पॉइंट येथे अमेरिकन नौदलाचा जुना तळ होता. पुढे तिथे काही काळ तुरुंगही होता. ती जागा झपाट्याने दुरुस्त करून रुग्णांचे विलगीकरण केंद्र करण्यात आली. ज्या जागेत माणसांना कोंडले जात होते तिथे माणसांवर उपचार होऊ लागले.

संचारबंदीत लोकांनी खायचे काय? बार्बाडोसने किराणा खरेदीसाठी आडनावाच्या आद्याक्षराप्रमाणे दिवस वाटून दिले. म्हाताऱ्यांसाठी वेगळी वेळ ठेवली. आपल्याकडे आडनाव विचारले जाते ते कशासाठी, हे आमच्या वाचकांना सांगायला नको. भाड्याची खोली नाकारण्यासाठी विचारले जाते, पाण्याच्या माठापासून दूर ठेवण्यासाठी विचारले जाते. तिकडे आडनाव विचारले गेले ते तुमच्या पिशवीत तांदूळ कोणत्या दिवशी पडणार हे ठरवण्यासाठी. साधन तेच, पण हेतू बदलला की समाज बदलतो.

दुसरी योजना 'कुटुंब दत्तक घ्या' या नावाची. ज्यांचे पगार चालू आहेत त्यांनी निधीत भर घालायची आणि ज्यांच्या घरातली कमाई बंद झाली त्यांना महिन्याची मदत पोहोचवायची. याशिवाय राष्ट्रीय विमा योजनेकडे बेकारी भत्त्यासाठी हजारो अर्ज आले. विमाने थांबली, हॉटेले बंद पडली, नोकरांना घरी पाठवण्यात आले. एका वर्षात देशाची अर्थव्यवस्था दहा टक्क्यांहून अधिक आकसली. या काळात सारे काही सुरळीत चालले असे आम्ही म्हणणार नाही. भत्ते उशिरा मिळाल्याच्या तक्रारी झाल्या. हॉटेलांतून काढून टाकलेले कामगार आपल्या हक्काच्या पैशांसाठी रस्त्यावर उतरले. पण मागायला एक दार होते, एक कायदा होता, एक पावती होती. शेकडो मैल पायी चालत गावाकडे निघालेल्या आपल्या मजुरांकडे काय होते? औरंगाबादजवळ रेल्वे रुळांवर विखुरलेल्या भाकरी हा देश विसरला असेल, आम्ही विसरलेलो नाही.

क्युबाच्या परिचारिका

एप्रिल २०२० मध्ये एक घटना घडली. बार्बाडोससाठी देणगी म्हणून येणारी वीस कृत्रिम श्वसनयंत्रे अमेरिकेत अडकून पडली. त्यांच्या निर्यातीवर रोख लागली असल्याचे बार्बाडोसच्या आरोग्यमंत्र्यांनी जाहीर केले. श्रीमंत देश स्वतःसाठी दोन्ही हातांनी साठा करीत होते. बाजारात ज्याच्या खिशात डॉलर अधिक त्याचा श्वास आधी, असा न्याय चालू होता.

त्याच एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात क्युबातून सुमारे शंभर परिचारिका आणि आरोग्य कर्मचारी ब्रिजटाऊनला उतरले. क्युबा म्हणजे तरी कोण? अमेरिकेच्या आर्थिक नाकेबंदीखाली साठ वर्षे काढलेला देश. त्याच्याकडे वाटायला पैसा नव्हता, पण शिकवून तयार केलेली माणसे होती. श्रीमंताने यंत्र अडवले आणि गरिबाने माणूस पाठवला, हे २०२० चे जग होते.

पुढे २०२५ साली अमेरिकेने क्युबाचे वैद्यकीय कर्मचारी घेणाऱ्या देशांच्या अधिकाऱ्यांचे व्हिसा रोखण्याची धमकी दिली. तेव्हा मोटली यांनी आपल्या संसदेत स्पष्ट सांगितले की क्युबाच्या परिचारिका आणि डॉक्टर यांच्याशिवाय आम्ही महामारीतून पार पडलो नसतो, आणि त्यासाठी व्हिसा गमवावा लागला तरी चालेल. ज्याने अडचणीत हात दिला त्याला बलवानाच्या भीतीने नाकारायचे नाही, याला स्वाभिमान म्हणतात. स्वाभिमानासाठी मोठे सैन्य लागत नाही.

पुण्याची लस आणि जगाची उतरंड

जानेवारी २०२१ मध्ये बार्बाडोसचा रोग पुन्हा उसळला. २६ डिसेंबरला बसमधून फिरत दारू पिण्याची एक मोठी पार्टी झाली होती. तिथून संसर्ग पसरला आणि डॉड्स येथील तुरुंगापर्यंत पोहोचला. मौज करणारे कोण आणि कोंडून घेतलेले कोण, हे इथेही पाहण्यासारखे आहे. ३ फेब्रुवारीपासून सरकारने पुन्हा देश थांबवला.

आणि नेमक्या याच दिवसांत, ९ फेब्रुवारी २०२१ रोजी, भारतातून कोविशिल्डचे एक लाख डोस बार्बाडोसला पोहोचले. शेजारच्या डॉमिनिकाला सत्तर हजार मिळाले. ही लस ऑक्सफर्डमध्ये शोधली गेली, पण तयार झाली आपल्या पुण्यातल्या सीरम इन्स्टिट्यूटच्या कारखान्यात. बार्बाडोसने लगेच लसीकरण सुरू केले. आणि पुढे जे केले ते महत्त्वाचे आहे. स्वतःला जेमतेम मिळालेल्या या डोसमधून त्यांनी त्रिनिदादला दोन हजार आणि गयानाला तीन हजार डोस दिले. श्रीमंत देश आपल्या लोकसंख्येच्या कितीतरी पट डोस आगाऊ नोंदवून बसले असताना हे छोटे बेट आपल्या ताटातला घास शेजाऱ्याला देत होते.

या लसीच्या गोष्टीत आणखी काही माणसे आहेत. त्यांची नावे कोणत्याही आभारपत्रात आली नाहीत. लस बार्बाडोसला पोहोचण्याच्या एकोणीस दिवस आधी, २१ जानेवारी २०२१ रोजी, पुण्याजवळ मांजरी येथे सीरमच्या आवारातील बांधकाम चालू असलेल्या इमारतीला आग लागली आणि पाच मजूर जळून मेले. लसीच्या उत्पादनावर परिणाम झाला नाही, ही बातमी जगभर गेली. जगाला दिलासा मिळाला. त्या पाच घरांत मात्र काय झाले? जगाला वाचवणारी वस्तू जिथे तयार होते तिथल्या भिंती उभारणारा माणूस किती स्वस्त असतो, हे आम्ही विसरू शकत नाही. आम्ही लसीचा अभिमान बाळगतो, पण त्या अभिमानात मजुराचाही वाटा मागतो.

मार्च-एप्रिलमध्ये भारतात दुसरी लाट आली. स्मशानांत रांगा लागल्या, नद्यांतून प्रेते वाहिली. लसीची निर्यात थांबली ती कित्येक महिने. आपल्या माणसांना लस नसताना ती बाहेर कशी पाठवायची, हा प्रश्न रास्तच होता. पण खरा प्रश्न वेगळा आहे. साऱ्या जगाच्या गरीब देशांनी एका शहरातल्या एका कारखान्याकडे डोळे लावून का बसावे? इतरांना लस का बनवता येऊ नये? भारत आणि दक्षिण आफ्रिकेने २ ऑक्टोबर २०२० रोजी जागतिक व्यापार संघटनेत मागणी केली होती की कोरोनाच्या काळापुरते पेटंटचे हक्क बाजूला ठेवा. श्रीमंत देशांनी ती मागणी दीड वर्षाहून अधिक काळ घोळवली. जून २०२२ मध्ये जो निर्णय झाला तो लसीपुरता आणि अटींनी जखडलेला. तोवर लाखो माणसे मातीत गेली होती.

ज्ञान एकाच्या कुलपात आणि मरण सर्वांच्या दारात, ही व्यवस्था आमच्या ओळखीची आहे. ज्ञानबंदीवर उभी असलेली उतरंड आम्ही हजारो वर्षे सोसली. ज्याने वेद ऐकला त्याच्या कानात शिसे ओतण्याची भाषा इथल्या धर्मशास्त्राने केली. आज शिसे ओतत नाहीत, पेटंटच्या कराराचा कागद पुढे करतात. सप्टेंबर २०२१ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेत मिया मोटली यांनी हाच सवाल केला, की लसीकरणाची जागतिक योजना अंमलात येण्यासाठी विषाणूची आणखी किती रूपे यावी लागतील? त्या प्रश्नाला कोणी उत्तर दिले नाही.

संकटातच राजदंड बदलला

२०२१ हे वर्ष बार्बाडोससाठी कठीण होते. एप्रिलमध्ये शेजारच्या सेंट व्हिन्सेंट बेटावर ला सूफ्रिएर ज्वालामुखी फुटला आणि बार्बाडोसवर राखेचा पाऊस पडला. भर दुपारी अंधार झाला. जुलैच्या आरंभी एल्सा वादळ आदळले. १९५५ नंतर बेटाला लागलेले ते पहिले चक्रीवादळ. रोग, राख आणि वादळ एकाच वर्षात!

अशा वेळी आपल्याकडचे शहाणे म्हणाले असते की आता प्रतीकांचे राजकारण कशाला? आधी पोट भरा, मग पुतळे पाहू. नामांतराच्या काळात हे शहाणपण आम्ही सतरा वर्षे ऐकले आहे. बार्बाडोसने ते ऐकले नाही. नोव्हेंबर २०२० मध्ये ब्रिजटाऊनच्या चौकात १८१३ पासून उभा असलेला नेल्सनचा पुतळा सन्मानाने, कायदेशीर मार्गाने हलवण्यात आला. आणि ३० नोव्हेंबर २०२१ रोजी इंग्लंडच्या राणीला राष्ट्रप्रमुखपदावरून दूर करून बार्बाडोस प्रजासत्ताक झाला. डेम सँड्रा मेसन पहिल्या राष्ट्राध्यक्ष झाल्या. भाकरी आणि प्रतिष्ठा यांची फाळणी करता येत नाही. ज्याला प्रतिष्ठा नाही त्याच्या भाकरीची हमीही कोणी देत नाही.

विलगीकरणातील मत

आता दुसरी बाजू. बार्बाडोसची आरती ओवाळण्यासाठी आम्ही हा लेख लिहिलेला नाही. व्यक्तिपूजेपासून सावध राहा, असे बाबासाहेबांनी २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत बजावले होते. तो इशारा परदेशातील नेत्यांनाही लागू आहे.

जुलै २०२१ पर्यंत बेटावरील मृत्यू पन्नाशीच्या आत होते. पुढे डेल्टा आणि ओमायक्रॉन यांनी बांध फोडला. २०२३ पर्यंत नोंदलेले मृत्यू सहाशेच्या आसपास गेले. लहान बेटाला हा आकडा लहान नाही. लस उपलब्ध झाल्यावरही अनेकांनी ती घेतली नाही. दोन्ही डोस घेणारे लोकसंख्येच्या निम्म्याहून थोडे अधिक राहिले. मधुमेह आणि रक्तदाब यांनी ग्रासलेल्या समाजात रोगाने अधिक बळी घेतले. या आजारांचे मूळही मळ्याच्या खारट आणि गोड अन्नात आहे, असे कॅरिबियन देशांच्या २०१४ च्या नुकसानभरपाईच्या दहा कलमी मागणीत म्हटले आहे. इतिहासकार हिलरी बेकल्स या मागणीचे अग्रणी. त्यांचे म्हणणे आम्हांला पटते. शोषण फक्त सातबाऱ्यावर उमटत नाही, ते शरीरातही उतरते.

आणखी एक गोष्ट आम्हांला खटकली. २०२० च्या जुलैमध्ये, पर्यटक बंद असताना, बार्बाडोसने परदेशी नोकरदारांसाठी एक वर्षाचा खास परवाना काढला. बेटावर बसून संगणकावर काम करा, दोन हजार डॉलर शुल्क भरा. अट अशी की वार्षिक मिळकत पन्नास हजार डॉलर हवी. तिजोरीत पैसा यावा म्हणून हे केले हे खरे. पण ज्या बेटावर भूमिहीनांची घरे पायाशिवाय उभी राहिली तिथे श्रीमंत पाहुण्याला समुद्राकाठी जागा मिळते, या विसंगतीचे उत्तर त्यांना कधीतरी द्यावे लागेल.

सर्वांत गंभीर बाब निवडणुकीची. मोटली यांनी मुदतीपूर्वीच १९ जानेवारी २०२२ रोजी निवडणूक घेतली. ओमायक्रॉनची लाट ऐन भरात होती. विलगीकरणात असलेल्या हजारो नागरिकांना मतदान करता आले नाही. त्यांच्यासाठी वेगळी सोय झाली नाही. न्यायालयात दाद मागितली गेली, पण निवडणूक थांबली नाही. मतदान निम्म्याहून कमी झाले. सत्ताधारी पक्षाने पुन्हा तीसपैकी तीस जागा जिंकल्या. ही मते मोजली असती तर निकाल फिरला असता असे नाही. पण प्रश्न निकालाचा नाही. एक व्यक्ती, एक मत, एक मूल्य हे सूत्र आजारी माणसाला लागू नाही काय? रोग झाला म्हणून नागरिकत्व थोडे कमी होते काय? आपल्या देशात २०२० च्या बिहार निवडणुकीत कोरोनाबाधितांसाठी टपाली मतपत्रिकेची आणि मतदानाच्या शेवटच्या तासाची सोय निवडणूक आयोगाने केली होती. शंभर उणिवा असूनही बाबासाहेबांच्या संविधानाने दिलेली ही जाणीव मोठी आहे. बार्बाडोसकडून आपण शिकायचे तसेच बार्बाडोसनेही आपल्याकडून शिकावे असे इथे काही आहे.

चळवळीने काय घ्यावे?

पहिली गोष्ट, सार्वजनिक आरोग्य ही दानधर्माची नव्हे तर हक्काची बाब आहे. १९३७ च्या चौदा मृतांनी १९६४ चे रुग्णालय बांधले आणि त्या रुग्णालयाने २०२० मध्ये माणसे वाचवली. आपल्याकडे जिल्हा रुग्णालये खाजगी भागीदारीच्या नावाखाली विकायला काढली जातात, कंत्राटी परिचारिकांना महिनोन्महिने पगार मिळत नाही, सफाई कामगार हातमोज्यांशिवाय गटारात उतरतो. तेव्हा आमचे पुढारी कुठे असतात? राखीव जागांसाठी लढलेच पाहिजे. पण सरकारी दवाखानाच उरला नाही तर त्यातल्या राखीव जागा कुठून उरणार?

दुसरी गोष्ट, छोट्या माणसाने एकट्याने लढायचे नसते. बार्बाडोसने क्युबाची मदत घेतली, पुण्याची लस घेतली आणि त्रिनिदाद-गयानाला वाटा दिला. लहान बेटांनी आपसांत बंधुभाव जपला म्हणून ती तगली. आपण मात्र एका वस्तीत चार गट आणि एका गटात सहा अध्यक्ष करून बसलो आहोत. बंधुता हा शब्द संविधानाच्या उद्देशिकेत शोभेसाठी घातलेला नाही.

तिसरी गोष्ट, संकटकाळ आहे म्हणून हक्कांना रजा द्यायची नसते. मताचा हक्क, आंदोलनाचा हक्क, आपल्या चौकात कोणाचा पुतळा असावा हे ठरवण्याचा हक्क, यांतला एकही हक्क रोग बरा होईपर्यंत खुंटीला टांगता येत नाही. बार्बाडोसने पुतळ्याच्या बाबतीत हे पाळले, मताच्या बाबतीत पाळले नाही. दोन्ही आपण ध्यानात ठेवू.

पुढची महामारी केव्हा येईल हे कोणीच सांगू शकत नाही. पण ती आली म्हणजे कोणत्या वस्तीत आधी शिरेल हे आम्ही आजच सांगू शकतो. ज्या वस्तीत एका नळावर चाळीस घरे आहेत आणि जिथला दवाखाना कुलूपबंद आहे, तिथे. गुलामांच्या वारसांनी त्यांच्या बेटावर ते कुलूप तोडायला १९३७ साली सुरुवात केली. आपल्या वस्तीच्या दवाखान्याला कुलूप आहे की नाही, हे उद्या सकाळी प्रत्येक कार्यकर्त्याने जाऊन पाहावे. असेल तर किल्ली कोणाकडे आहे ते विचारावे. चळवळ तिथून सुरू होते.